भिंतीवरच्या अक्षता

माझ्या लग्नाचं आमच्या गावात अजून उदाहरण देतात. हॉल नाही, केटरर नाही, घोडा नाही, घरच्या घरी अगदी साधेपणानं उरकलं, म्हणतात. म्हणणारे बहुतेक पुरुष असतात आणि त्यांच्यातल्या एकानंही त्या दिवशी पातेलं इकडचं तिकडं केलं नव्हतं. जेवण तर बायकांनी फुकटात केलं, हे ते कौतुकानं सांगतात. तो ‘फुकट’ शब्द ऐकला की माझ्या तळपायाची आग मस्तकात जाते. झालं गेलं विसर, असं मला बरेच जण सांगून बघतात. मी विसरलेली नाही, म्हणून हे लिहिते आहे.

आमचं गाव बिद्रीच्या रस्त्यावर. घरापुढं अंगण, अंगणाला लागून रस्ता आणि घरामागं परडं. अंगण आमचं आणि शेजारी राहणाऱ्या चुलत्यांचं सामाईक. परडं मात्र आईचं. तिथं म्हशींचा गोठा, शेणी रचून केलेला हुडवा, न्हाणीच्या पाण्यावर माजलेल्या केळी, शेवगा आणि भरपूर सावली देणारा एक आंबा. आईचा सगळा दिवस त्या परड्यात जायचा. घरातला पुरुष तिकडं धार काढायला किंवा हात धुवायला जायचा, बसायला कधी नाही.

मी कोल्हापुरात एका अकाउंटंटच्या ऑफिसात नोकरी करते. ज्याच्याशी लग्न ठरलं तो शाहूवाडीकडचा, तोही शहरातच कामाला. लग्नाचा खर्च आपल्या पगारातून करायचा आणि उरेल त्यात शहरात एक खोली बघायची, असं आम्ही दोघांनी ठरवलं. त्यामुळं हॉल बाद झाला. परड्यात आंब्याखाली मांडव घालायचा, दोन्हीकडची मिळून दोनशे माणसं बोलवायची, खीर, पुरी, भात, आमटी आणि वांग्याची भाजी करायची. म्हशींना एक दिवस शेजारच्या गोठ्यात बांधायचं. आबांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, मान हलवली. आमच्या आबांची मान लगेच हलते, पण ती कुणीही हलवू शकतं, ही त्यातली अडचण.

जेवणाची काळजी नव्हती, कारण आईचा पैरा होता. पैरा म्हणजे कामाच्या बदल्यात काम. आईचं माहेर राधानगरीकडचं. तिकडं भाताच्या लावणीला सगळ्या बायका आज एकीच्या वावरात तर उद्या दुसरीच्या वावरात उतरतात. मजुरी कुणी कुणाला देत नाही, पण कुणी पैरा बुडवला तर तो पिढ्यान्‌पिढ्या विसरत नाहीत. लग्न होऊन आमच्या गावात आल्यावर आईनं तोच न्याय चुलीला लावला. गावात कुणाच्याही घरी लग्न निघालं की खिरीला आई जायची.

आमच्याकडं लग्नात खपली गव्हाची खीर लागते आणि ती येरागबाळ्याचं काम नाही. गहू सडायचा, भिजवायचा, तासन्‌तास शिजवायचा आणि पार मऊ झाला की मगच गूळ घालायचा. गूळ आधी पडला तर गहू शिजायचा थांबतो. गूळ पडल्यावर ढवळणारा हात थांबला तर खीर बुडाला लागते. आता अक्षता पडल्या की लगेच पंगत बसते, म्हणून खिरीत गूळ पडायची वेळ आणि मंगलाष्टकांची वेळ एकच यायची. मग आई कुठं असणार? मागं, चुलवाणापाशी.

लहानपणी मी तिच्याजवळ बसलेली असायचे. पुढं मांडवात काय चाललंय ते मागं फक्त कर्ण्यातून कळायचं. ‘सावधान’ ऐकू आलं की आई एका हातानं उलथनं धरून ठेवायची, दुसऱ्या हातानं पदराच्या गाठीतल्या अक्षता सोडायची आणि समोरच्या भिंतीवर टाकायची. भिंतीपलीकडं कुठंतरी नवरा-नवरी उभी असायची. मैत्रिणींच्या, नणंदांच्या, शेजारणींच्या पोरींच्या अशा किती लग्नांच्या अक्षता तिनं भिंतींना वाहिल्या, ते भिंतींनाच माहीत. मला तर बरीच वर्षं वाटायचं की लग्नात अक्षता भिंतीवरच टाकतात.

म्हणून माझ्या लग्नात मला एकच गोष्ट हवी होती. आईच्या अक्षता माझ्या डोक्यावर पडायला हव्या होत्या. शालू साधा असता, फोटोग्राफर आला नसता, भाजी खारट झाली असती तरी चाललं असतं. परड्यात लग्न करायचं ते त्यासाठीच, की चूल आणि बोहलं यांच्यामध्ये भिंतच नको. शिवाय त्या दिवशी खीर आईनं करायचीच नाही, असं मी सगळ्यांना बजावून ठेवलं होतं.

तसं बजावायची खरं तर गरजच नव्हती. परड्यामागच्या घरातल्या आक्का एका संध्याकाळी आपणहून आल्या. या आक्का आईपेक्षा वयानं मोठ्या, आवाजानं त्याहून मोठ्या, आणि गावातला बायकांचा पैरा चालतो तो त्यांच्या शब्दावर. त्यांनी सगळं ठरवून टाकलं. पुऱ्या कुणी लाटायच्या, आमटीला कोण, भाताला कोण. खीर स्वतः आक्का बघणार आणि ती सकाळीच उतरवणार, म्हणजे लग्न लागताना चूल विझलेली असेल. आईनं नवी साडी नेसून पुढं उभं राहायचं, एवढंच तिचं काम. आई लाजून हसली. पैऱ्याला पैसे देत नाहीत, पण ओटी भरतात, म्हणून मी प्रत्येकीसाठी खण आणले आणि मार्केट यार्डातून नारळाचं पोतं आणून माजघरात ठेवलं.

आणि मग चुलते मध्ये पडले. त्यांना आम्ही तात्या म्हणतो. गावच्या दूध संस्थेची निवडणूक जवळ आली होती आणि तात्यांना संचालक व्हायचं होतं. तोवर त्यांनी माझ्या लग्नाबद्दल अवाक्षर काढलं नव्हतं. खर्च आम्ही करतोय म्हटल्यावर मात्र त्यांना पुतणीची माया दाटून आली. परड्यात मांडव घालायला माणसं आली तेव्हा ते कमरेवर हात ठेवून उभे राहिले.

“परड्यात लगीन? म्हशीचं हाय व्हय?”

मांडववाले हसले. आबाही हसले. मला तेव्हाच काहीतरी फेकून मारावंसं वाटलं होतं. मी आंघोळीला गेले होते तेवढ्यात मांडवाचे खांब अंगणात, रस्त्याच्या कडेला उभे राहिले. दुसऱ्या दिवशी रस्त्यावर फ्लेक्स लागला. त्यात मी आणि माझा नवरा खाली कोपऱ्यात होतो आणि तात्या वर, हात जोडून, फेटा बांधून, आमच्या दुपटीनं मोठे. त्यांनी आमची पत्रिका व्हॉट्सअॅपवर साऱ्या पंचक्रोशीला पाठवली आणि सहकुटुंब सहपरिवार यायचं निमंत्रण दिलं. घरचं झालं थोडं आणि व्याह्यानं धाडलं घोडं, असं म्हणतात. आमच्या व्याह्यांनी बिचाऱ्यांनी मोजून दोन जीप माणसं आणली, घोडं आमच्याच घरातून सुटलं होतं.

मी भांडले. सोप्यात उभी राहून, पाव्हण्यांसमोर भांडले. एवढ्या लोकांचं जेवण कोण करणार, असं विचारलं. आबा म्हणाले, चार माणसं जास्त आली म्हणून काय बिघडतंय. तात्या पान लावत होते. त्यांनी मानही वर केली नाही.

“बायका हाईत की घरच्या. त्यास्नी काय लागतंय? फुकटातलं काम ते.”

आई दारात उभी होती. आयुष्यभर उभ्यानं केलेल्या कामाला तिच्यासमोर कुणीतरी फुकट म्हणालं आणि तिचा नवरा सुपारी कातरत बसला. मी तिच्याकडं बघितलं. ती फक्त ‘बघूया’ म्हणाली. आमच्या घरात आईचं ‘बघूया’ म्हणजे ते काम ती एकटी करणार. हॉल नको म्हणून आम्ही वाचवलेला पैसा तात्यांच्या प्रचाराला लागणार होता आणि त्याची मजुरी आईच्या पैऱ्यातून कापली जाणार होती. तिनं कमावलेली ती एकच गोष्ट होती आणि तीही घरातल्या पुरुषांनी आपली समजून उधळली.

लग्नाच्या दिवशी आक्कांनी ठरल्याप्रमाणं सकाळीच खीर उतरवली. आई नवी साडी नेसली होती. मोरपंखी, मी महाद्वार रोडवरून तिला बरोबर नेऊन घेतलेली. मला जरा बरं वाटलं. तेवढ्यात तात्यांनी रस्त्यावरच्या गाड्या बघितल्या आणि आत निरोप धाडला की अजून एक मोठं पातेलं चढवा. आक्का म्हणाल्या, आता गहू कुठला आणायचा. पण गहू होता. आईनं आदल्या दिवशीच कुणाला न सांगता भिजत घातला होता. असं होणार हे तिला ठाऊक होतं आणि त्याची तयारी तिनं भांडण्याऐवजी गहू भिजवून केली होती. त्या गव्हाचा मला तात्यांपेक्षा जास्त राग आला.

माझ्या मुंडावळ्या बांधत होते तेव्हा मला खिडकीतून परडं दिसत होतं. चुलवाण पुन्हा पेटलं होतं. आई जुन्या सुती लुगड्यात होती, कमरेला टॉवेल गुंडाळलेला. मोरपंखी साडी घडी घालून ट्रंकेवर ठेवली होती.

बाहेर तात्यांनी माईक धरला. आमच्याकडं लग्नात नवरा-नवरीआधी पुढाऱ्यांचं लग्न लागतं. माजी चेअरमन, आजी चेअरमन, भावी चेअरमन, अमक्याचे मेहुणे, तमक्याचे साडू, एकेकाचं नाव पुकारायचं, त्यानं नको नको म्हणत उठायचं, फेटा बांधून घ्यायचा आणि श्रीफळ छातीशी धरून फोटो काढायचा. भटजी घड्याळाकडं बघत होते. मुहूर्त टळून गेला तरी नावं संपेनात. श्रीफळ, श्रीफळ, श्रीफळ. पाचदहा वेळा तो शब्द कानावर आदळल्यावर माझ्या डोक्यात प्रकाश पडला. मी मुंडावळ्यांसकट उठून माजघरात गेले. पोतं रिकामं होतं. तळाशी नुसत्या शेंड्या पडल्या होत्या.

हलवायाच्या घरावर तुळशीपत्र ठेवतात तसे आमच्या पैरेकरणींच्या ओटीचे नारळ तात्या चेअरमनांना वाटत होते. ज्या बायका पहाटेपासून धुरात बसल्या होत्या त्यांच्या वाट्याचा एक नारळ, तोही जीपमधून उतरून खुर्चीत बसलेल्या माणसाच्या हातात गेला. मी पोतं हातात घेऊन उभी होते तेव्हा आक्का पाणी न्यायला आत आल्या. त्यांनी पोतं बघितलं, कर्ण्यातला आवाज ऐकला आणि त्यांना सगळं समजलं.

“ऱ्हाऊ दे गं,” त्या म्हणाल्या. “नारळ काय आमास्नी ठाव न्हाईत?”

त्या कळशी घेऊन गेल्या. मी रडले, पण ते सासरी जायचं रडू नव्हतं. ते रागाचं होतं. बघणाऱ्या बायकांना वाटलं, पोरगी हळवी झाली.

मग मामानं मला बोहल्यावर नेलं. पुढं अंतरपाट धरला होता. पलीकडून नवऱ्याचे फक्त पाय दिसत होते. मांडव माणसांनी गच्च भरला होता आणि त्यातली निम्मी तोंडं मी जन्मात बघितली नव्हती. मी आईला शोधलं. ती नव्हती. भटजींनी घसा साफ केला. मी त्यांना थांबा म्हणाले आणि तात्यांना विचारलं, आई कुठं हाय?

“मागं हाय. खिरीत गूळ पडलाय. तिला ऐकू येतंय की कर्ण्यातनं. तू गप उभी ऱ्हा.”

ऐकू येतंय की. त्या तीन शब्दांनी माझ्या डोळ्यासमोर ती भिंत उभी राहिली. मी अंतरपाट खाली ओढला. मंगलाष्टकांआधी नवऱ्याचं तोंड बघू नये म्हणतात, मी सरळ बघितलं. त्याला म्हटलं, माझी आई मागं चुलीपाशी आहे आणि ती येऊ शकत नाही. माझा नवरा फार बोलणारा माणूस नाही.

“मग आपण मागं जाऊया की,” तो म्हणाला.

मी तेवढ्या वेळापुरती रागवायची थांबले. आम्ही दोघं बोहल्यावरून उतरलो आणि घरात शिरलो. सोपा, माजघर, स्वयंपाकघर, मागचं दार. मामा अंतरपाटाची घडी घेऊन पाठोपाठ आला. भटजींना दक्षिणा कुणाकडून मिळणार ते ठाऊक होतं, त्यांनी माईक ठेवला आणि धोतर सावरत तेही आले. माझ्या सासूबाई खुर्चीतून उठून सगळ्यांच्या आधी परड्यात पोचल्या होत्या. तात्या माईकवरून पाव्हण्यांना दम धरायला सांगत होते.

परड्यात धूर भरला होता. आई दोन्ही हातांनी उलथनं धरून पातेल्यावर वाकली होती. मला बघून ती दचकली आणि रागावली.

“हितं कशाला आलीस? शालूला धूर लागंल. जा म्होरं.”

मी जाणार नाही म्हटलं. ती म्हणाली, खीर लागेल. मी म्हटलं, लागू दे. ती म्हणाली, लोक काय म्हणतील. मी त्यावर जे बोलले ते लिहिण्यासारखं नाही. भटजींनी ऐकलं आणि आंब्याकडं बघितलं. शेवटी आक्का पिठाचे हात पदराला पुसत उठल्या आणि त्यांनी आईच्या हातातून उलथनं काढून घेतलं.

“सोड आता. माझ्या पोरींच्या लग्नात तू खीर ढवळलीस तितकं बास झालं. मी बघतो खीर.”

मामानं आणि एका पुरी तळणाऱ्या बाईनं अंतरपाट धरला. पुरुष कमी पडले म्हणून पहिल्यांदाच कुणा बाईच्या हातात तो आला असेल. भटजींनी माईकशिवाय मंगलाष्टकं म्हटली आणि आपला खरा आवाज किती बारीक आहे ते त्यांनाही कळलं. अक्षता कुणाकडंच नव्हत्या, त्यांचं ताट पुढं राहिलं होतं. बायकांनी भातासाठी धुऊन ठेवलेल्या तांदळाच्या पाटीत हात घातले. ‘सावधान’ म्हटल्यावर ओले तांदूळ आमच्या अंगावर पडले आणि तिथंच चिकटले. आईनं टाकलेली मूठ माझ्या नाकावर बसली, जोरात. तिला आजवर भिंतीपर्यंत फेकायची सवय होती, समोर माणूस असताना किती जोर लावायचा ते तिला माहीत नव्हतं.

पुढच्या मांडवात लोकांनी मागचा गलका ऐकून अंदाजानं रिकाम्या बोहल्यावर अक्षता टाकल्या. तात्या धावत मागं आले तेव्हा माझ्या गळ्यात हार पडला होता. त्यांनी तोंड उघडलं, पण आक्कांनी त्यांच्याकडं बघितलं आणि उलथनं पातेल्यातून बाहेर काढलं. ते परत गेले. खीर बुडाला लागलीच. आक्कांनी मुद्दाम लावली की लक्ष नव्हतं ते मी त्यांना विचारलं नाही. सकाळची खीर आमच्या दोनशे माणसांनी आणि राबलेल्या बायकांनी खाल्ली. करपलेली सगळे चेअरमन खाऊन गेले.

पुढं तात्या संचालक झालेच. निवडून आले. संस्थेच्या सभेत त्यांनी माझ्या लग्नाचं उदाहरण देऊन लोकांनी खर्च कमी करावा असं भाषण केलं आणि टाळ्या घेतल्या. आबांनीही टाळ्या वाजवल्या असतील.

पण माझा राग अजून टिकून आहे तो त्या टाळ्यांमुळं नाही. त्या संध्याकाळी निघायच्या आधी मी परड्यात गेले होते. बायका पातेली घासत होत्या आणि आई न्हाणीच्या दगडावर बसून पायांवर पाणी घेत होती. तिच्या केसांत तांदळाचा एक दाणा अडकला होता, तो मी काढला. तिनं माझ्याकडं बघितलं. ती खरोखर आनंदात होती, मी तिला तशी क्वचितच बघितली आहे.

“इतक्या लग्नांत खीर केली,” ती म्हणाली, “पण अंतरपाट काढल्यावर पोरीचं तोंड कसं दिसतंय, ते आज बघितलं बघ.”

तिला दोन लेकी आहेत. माझ्या थोरल्या बहिणीचं लग्नही याच घरात झालं होतं, पुढच्या अंगणात, आणि त्या दिवशीही खीर आईनंच केली होती.